मूल आश्रमात ठेवायचंय? आधी हे वाचा : एकल पालक, आजी-आजोबा आणि मामा-मावशींचे नेहमीचे प्रश्न

मे महिना सरत आला की गावोगावहून एकच विचारणा येते. "ओळखीचा एखादा चांगला आश्रम आहे का हो? दोन पोरं आहेत." विचारणारी कधी नवरा गेलेली बाई असते, कधी नातवंडं सांभाळून थकलेली आजी, कधी भाचरांचा मामा. मूल नकोसं झालंय म्हणून विचारणारे फार थोडे. वह्या-पुस्तकं, दोन वेळचं जेवण आणि आई कामावर गेल्यावर घरी कोण, एवढ्यावरच बहुतेकांचं अडलेलं असतं. हे पान मुख्यतः त्यांच्यासाठी आहे. योजना महाराष्ट्रातल्या आहेत, कायदे मात्र देशभराचे.

आश्रमात ठेवलं तर निदान शिक्षण तरी होईल ना?

होईलही. मन लावून चालवलेली बालगृहं आहेत आणि तिथून शिकून उभी राहिलेली माणसंही आहेत. पण 2015 चा बाल न्याय कायदा स्वच्छ सांगतो की संस्था हा शेवटचा उपाय. आधी आई-वडील, मग नातेवाईक, मग दुसरं कुटुंब, आणि यातलं काहीच जमलं नाही तर संस्था. नुसत्या गरिबीसाठी मूल घरातून हलवावं, असं कायद्याला अभिप्रेत नाही.

आणखी एक गोष्ट दाखल करताना कोणी सांगत नाही. मुलांची बालगृहं वेगळी, मुलींची वेगळी. सहा वर्षांखालच्या निराधार लेकरांची सोय आणखी तिसरीकडे. म्हणजे बाप गेल्यावर जी भावंडं एकमेकांच्या आधाराने उभी होती, त्यांचीच फाटाफूट होते. मोठी बहीण एका तालुक्यात, धाकटा भाऊ दुसऱ्या. दिवाळीला दोघांना एकत्र आणायचं तर दोन ठिकाणच्या परवानग्या. हे सगळं धरूनही संस्थाच योग्य ठरेल अशी घरं असतात. घरातच मारहाण, दारू किंवा लैंगिक अत्याचार असेल तर मूल तिथे ठेवायचा हट्ट कोणी धरू नये.

आश्रमशाळा, वसतिगृह, बालगृह हे सगळं एकच ना?

नाही, आणि अर्धा घोळ इथेच होतो.

आश्रमशाळा म्हणजे निवासी शाळा. आदिवासी मुलांसाठी आदिवासी विकास विभागाच्या, भटक्या-विमुक्तांसाठी वेगळ्या विभागाच्या. वसतिगृह म्हणजे फक्त राहण्या-जेवण्याची सोय, शाळा बाहेर. समाजकल्याणची वसतिगृहं या प्रकारातली. शाळा सुटलेल्या किंवा सुटण्याच्या बेतात असलेल्या मुलींसाठी कस्तुरबा गांधी बालिका विद्यालयं आहेत. या सगळ्या ठिकाणी मूल शिकायला जातं आणि सुटीत घरी येतं. पालक तुम्हीच राहता.

बालगृहाचं तसं नाही. तिथे मूल बालकल्याण समितीच्या (मुलाने कुठे राहायचं हे ठरवणाऱ्या समितीच्या) आदेशाने जातं आणि समितीच्या आदेशानेच परत येतं. "शनिवारी येऊन घेऊन जाते" हे तिथे चालत नाही. अडचण शाळेपुरतीच असेल तर आधी वसतिगृह शोधा.

ऊसतोडीला जाणाऱ्या घरांनी तर हे आवर्जून लक्षात घ्यावं. दिवाळीच्या आसपास कोयता उचलायचा आणि उन्हाळ्यात परतायचं, मधल्या महिन्यांत पोरांची शाळा बुडते. त्यासाठी शाळांमार्फत हंगामी वसतिगृहांची सोय आहे, शिवाय संत भगवानबाबा वसतिगृह योजना आहे. तोंडावर आल्यावर धावपळ करण्यापेक्षा मुख्याध्यापकांशी ऑगस्ट-सप्टेंबरातच बोला.

घरीच ठेवायचं म्हटलं तर पैसे कोण देणार?

दोन दारं आहेत.

पहिलं, राज्याची बालसंगोपन योजना. आता तिचं पूर्ण नाव क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजना. दर मुलामागे महिन्याला 2250 रुपये, मूल 18 वर्षांचं होईपर्यंत. 2023 मध्ये ही रक्कम 1100 वरून वाढली. ही फक्त अनाथांसाठी आहे हा गैरसमज अजून पक्का बसलेला आहे. एक पालक वारलेला, घटस्फोट झालेला, सोडून गेलेला, तुरुंगात असलेला, कुष्ठरोग, कॅन्सर किंवा एचआयव्हीसारख्या आजाराने खचलेला, अशा घरातलं मूलही बसतं. म्हणजे विधवा आई स्वतःच्या मुलासाठी अर्ज करू शकते. मामा, आजी, काका यांच्याकडे असलेल्या मुलासाठी ते करू शकतात.

दुसरं, केंद्राच्या मिशन वात्सल्यमधलं प्रायोजकत्व. तिथे महिन्याला 4000 रुपये. अट उत्पन्नाची: ग्रामीण भागात वर्षाला 72,000 आणि शहरात 96,000 रुपयांपर्यंत. एकाच मुलासाठी दोन्हीकडून पैसे घेता येत नाहीत, त्यामुळे आपण कशात बसतो हे कार्यालयातच विचारून घ्या.

कोविडमध्ये दोन्ही पालक गेलेल्या मुलांचं वेगळं आहे. त्यांच्या नावे राज्याने पाच लाखांची मुदतठेव ठेवली, आणि पीएम केअर्समधून 23 व्या वर्षी दहा लाख मिळायचे आहेत. ही मुलं आता एकेक करून 18 ओलांडताहेत. ठेवीची पावती आणि पासबुक कुणाकडे आहे ते आजच बघा. नातेवाइकांत या पैशांवरून कुजबुज सुरू झाली असेल तर जिल्हा बाल संरक्षण कक्षाला आधीच कळवून ठेवलेलं बरं.

2250 रुपयांत मूल वाढतं का? नाही वाढत. पण "पोरं आश्रमात टाक आणि मोकळी हो" म्हणणाऱ्या दिरापुढे उभं राहायला बाईला तेवढा टेकू पुरतो.

कोणते कागद लागतात?

कार्यालयागणिक यादी थोडी मागेपुढे होते, पण साधारण एवढं तयार ठेवा: मूल आणि पालक दोघांची आधार कार्डं, रेशनकार्ड, वारलेल्या पालकाचा मृत्यू दाखला (घटस्फोट असेल तर कोर्टाचा निकाल, आजार असेल तर सरकारी दवाखान्याचं प्रमाणपत्र), तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला, रहिवासी दाखला, शाळेचं बोनाफाईड, बँक पासबुक, फोटो.

घोडं अडतं ते मृत्यू दाखल्यावर. मृत्यू पुण्या-मुंबईत झाला, नोंद तिकडच्या महापालिकेत, आणि घरचे गावी. किंवा मृत्यू घरीच झाला आणि नोंदच केली नाही. वर्ष उलटून गेलं असेल तर नोंदीसाठी तहसीलदार किंवा वरच्या अधिकाऱ्याचा आदेश लागतो. वेळ जातो, पण होतं. दुसरी अडचण नावांची. आधारवर "सुनिता", दाखल्यावर "सुनीता", पासबुकावर माहेरचं आडनाव. आधी हे जुळवून घ्या. नाहीतर मंजुरी येऊनही पैसे खात्यात पडत नाहीत आणि दोष कुणाचा ते कोणीच सांगत नाही. खातं आधारला जोडलेलं आहे ना, हेही बँकेत विचारा.

नवरा परागंदा आहे, मेला की जिवंत माहीत नाही, अशा बाईचं काय? पोलिसांत हरवल्याची नोंद करा आणि तिची प्रत जोडा. बेपत्ता आणि सोडून गेलेला बाप हेही कारण धरता येतं, फक्त ते तोंडी सांगून भागत नाही.

अर्ज जिल्हा महिला व बाल विकास अधिकारी कार्यालयात किंवा तिथल्या जिल्हा बाल संरक्षण कक्षात द्यायचा. अर्ज फुकट आहे. फॉर्म भरून देतो म्हणून हजार-दोन हजार मागणारे तालुक्याच्या ठिकाणी सेतूबाहेर भेटतील, त्यांना नमस्कार करून पुढे जा.

अर्ज दिला. कित्येक महिने झाले, काहीच हालचाल नाही.

पहिली गोष्ट, अर्जाची पोच घेतली होती का? नसेल तर परत जाऊन शिक्का-सही असलेली प्रत घ्या. मग अर्ज कोणत्या पायरीवर अडकला ते विचारा. पायऱ्या अशा: कागदांची छाननी, गृहभेट, सामाजिक तपासणी अहवाल, बालकल्याण समितीचा आदेश, आणि शेवटी निधी. गृहभेट झाली नसेल तर संरक्षण अधिकाऱ्यांना भेटा. आदेश झालाय पण पैसे नाहीत, तर अडचण अनुदानाची असते आणि ते कधी कधी अनेक महिन्यांचं एकदम जमा होतं. घरखर्चाचा हिशेब या पैशांवर बांधू नका.

तोंडी उत्तरांचा कंटाळा आला की माहिती अधिकाराचा अर्ज करा. दहा रुपये, 30 दिवस. "माझ्या अर्जावर काय कार्यवाही झाली, टिपणीची प्रत द्यावी" एवढं एकच वाक्य पुरतं. लांबलचक तक्रार लिहू नका, ती वाचली जात नाही.

बालकल्याण समिती म्हणजे पोलीस का? मूल काढून घेतील का?

ही भीती खेड्यात फार आहे, आणि ती अगदीच हवेतली नाही, कारण समितीला दंडाधिकाऱ्यांसारखे अधिकार आहेत. एक अध्यक्ष आणि चार सदस्य, त्यात किमान एक महिला. महिन्यातून किमान 20 दिवस बैठक घ्यावी असा नियम. बहुतेक जिल्ह्यांत ती निरीक्षणगृह किंवा बालगृहाच्या आवारातच भरते, म्हणजे लोक अजून ज्याला रिमांड होम म्हणतात तिथे. म्हणूनही लोक बिचकतात.

बालसंगोपनासाठी बोलावलं तर समिती साधेच प्रश्न विचारते. मूल कुणाकडे राहतं, शाळेत जातं का, घरात आणखी कोण. मुलाशी ते वेगळं बोलतील, तेव्हा मध्ये उत्तरं देऊ नका. पढवून आणलेलं मूल त्यांना लगेच कळतं. आदेश मान्य नसेल तर 30 दिवसांत अपील करता येतं: प्रायोजकत्व आणि कौटुंबिक पालनपोषणाच्या (मूल दुसऱ्या कुटुंबात ठेवण्याच्या) आदेशाविरुद्ध जिल्हाधिकाऱ्यांकडे, बाकीच्या आदेशांविरुद्ध बाल न्यायालयात.

बहीण वारली, दाजींनी दुसरं लग्न केलं. भाची तीन वर्षं आमच्याकडे आहे. काही कागद करावा लागतो का?

रोजच्या जगण्याला नाही लागत. पण ज्या दिवशी दाजी येऊन "माझी पोरगी द्या" म्हणतील किंवा मोठ्या ऑपरेशनला सही लागेल, त्या दिवशी लागतो. कायद्याने वडील हयात असताना नैसर्गिक पालक तेच.

तीन वाटा आहेत. सर्वांत हलकी म्हणजे बालकल्याण समितीकडे जाऊन मूल आपल्या ताब्यात असल्याचा आदेश घेणं. नातेवाइकाला योग्य व्यक्ती ठरवून समिती मूल सोपवू शकते. दुसरी, 1890 च्या पालक आणि पाल्य कायद्याखाली जिल्हा न्यायालयातून पालकत्व. वेळ लागतो, पण तो कागद सगळीकडे चालतो. तिसरी, नात्यातलं दत्तक. मामा-मामी, मावशी-काका, आत्या, चुलते, आजी-आजोबा या नात्यांत ते होतं. जिवंत पालकाची संमती लागते आणि पाच वर्षांवरच्या मुलाचीही. दत्तक झालं की मूल सर्वार्थाने तुमचं, मागे फिरता येत नाही. म्हणून दाजी आज हो म्हणताहेत एवढ्यावर घाई करू नका.

आणि जमीन. हे कोणी विचारत नाही, म्हणून इथेच सांगतो. बाप वारला असेल तर वारस फेरफारात पोरांची नावं लागली का ते सातबाऱ्यावर बघा. अज्ञान (18 वर्षांखालच्या) मुलाच्या नावापुढे अ.पा.क. म्हणून पालकाचं नाव येतं. 1956 च्या हिंदू अज्ञान व पालकत्व कायद्याप्रमाणे अशा मुलाच्या नावची जमीन न्यायालयाच्या परवानगीवाचून पालकालाही विकता येत नाही. मूल आश्रमात गेलं आणि चार वर्षांनी सातबारा बघितला तर नावच नाही, हे सर्रास घडतं. मूल दूर गेलं की हिस्साही विसरला जातो.

शाळा म्हणते वडिलांचा दाखला आणा, जन्माचा पुरावा आणा, टीसी आणा.

शिक्षण हक्क कायदा, 2009. वयाचा पुरावा नाही म्हणून प्रवेश नाकारता येत नाही, टीसी उशिरा आली म्हणूनही नाही. शाळा सुटलेल्या मुलाला वयानुरूप वर्गात घ्यायचं. नऊ वर्षांच्या मुलाला पहिलीत बसवू देऊ नका, तो आठवड्यात पळून येईल. वडिलांचं नाव सांगायचं नसलेल्या आईलाही अडवता येत नाही. अविवाहित आईच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्येच तसं म्हटलं आहे. खासगी शाळांतल्या 25 टक्के राखीव जागांत अनाथ मुलं वंचित गटात येतात.

बालगृहातच ठेवायची वेळ आली तर काय बघायचं?

नोंदणी. बाल न्याय कायद्याखाली नोंदणी नसलेली संस्था चालवणं हा गुन्हा आहे: वर्षापर्यंत कैद किंवा किमान एक लाख दंड, किंवा दोन्ही. "आमचा ट्रस्ट आहे, धर्मादाय आयुक्तांकडे नोंद आहे" हे उत्तर अपुरं. ट्रस्टची नोंद वेगळी, मुलं ठेवण्याची वेगळी. महाराजांच्या नावाने चालणारे, वारकरी शिक्षण देणारे, बाहेरच्या देणग्यांवरचे, सगळे यात आले. आणि "समितीकडे जायची गरज नाही, थेट आणून सोडा" म्हणणाऱ्या संस्थेत मूल ठेवूच नका.

मग जेवणाच्या वेळेला जा, कार्यालयात नको. मुलं तुमच्याकडे बघून कशी वागतात ते बघा. येणाऱ्या प्रत्येकाला रांगेत उभं राहून नमस्कार करणारी मुलं मला तरी शिस्तीचं लक्षण वाटत नाहीत. रात्री कोण थांबतं ते विचारा. मुलींच्या गृहात रात्री एकच वयस्क मावशी आणि बाकी पुरुष कर्मचारी असतील तर उठून या. नियमाप्रमाणे प्रत्येक मुलाचा वैयक्तिक काळजी आराखडा, मुलांच्या समित्या आणि सूचनापेटी असायला हवी. पेटी बहुतेक ठिकाणी असते. तिची किल्ली कुणाकडे, हा खरा प्रश्न. ती अधीक्षकांच्या खिशात असेल तर पेटी शोभेची.

पालकांना फोन कधी करता येईल आणि भेट कधी, हे लेखी घ्या. आणि मग खरोखर भेटायला जा. ज्याच्याकडे कोणी येत नाही ते मूल संस्थेत सगळ्यांत असुरक्षित.

तिथे मुलाला मारहाण झाली तर?

संस्थेत शारीरिक शिक्षा हा गुन्हा आहे. पहिल्यांदा दहा हजार दंड, पुन्हा केल्यास कैद. गंभीर क्रौर्य असेल आणि ते संस्थेच्या कर्मचाऱ्याने केलं असेल तर पाच वर्षांपर्यंत सक्तमजुरी. समितीकडे, पोलिसांकडे किंवा 1098 या मुलांसाठीच्या हेल्पलाइनवर सांगा. लैंगिक स्वरूपाचं काही असेल तर पोक्सोखाली, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या कायद्याखाली, पोलिसांना कळवणं बंधनकारक आहे. "संस्थेचं नाव जाईल" म्हणून गप्प बसणाऱ्यालाही शिक्षा आहे.

मुलगी अविवाहित आहे, बाळंतपण जवळ आलं. बाळ ठेवता येणार नाही. कुठे जायचं?

आधी हे ऐका: गुपचूप कुठेतरी ठेवून येऊ नका, आणि कुणाला देऊनही टाकू नका. जोतीराव आणि सावित्रीबाईंनी 1863 मध्ये पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं ते नेमकं या प्रसंगासाठी. पुढे त्यांनी दत्तक घेतलेला यशवंत तिथे आलेल्याच एका बाईचा मुलगा. आज तीच सोय कायद्यात आहे. आई बालकल्याण समितीपुढे बाळ सोपवू शकते. सही केल्यावर फेरविचाराला दोन महिने मिळतात आणि त्या काळात बाळ परत घेता येतं. नाव गुप्त राहतं. मुलगी 18 च्या आतली असेल तर मात्र पोक्सोची नोंद टळत नाही. तिला एकटीला पुढे करू नका, सोबत कोणीतरी मोठी बाई असू द्या.

ओळखीच्या नर्सिंग होममधून बाळ मिळतंय. नोटरी करून घेतलं तर चालेल?

अजिबात नाही. ते दत्तक नव्हे, खरेदी आहे. मुलाच्या खरेदी-विक्रीला पाच वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि एक लाख दंड. दवाखान्यातल्या माणसाचा हात असेल तर त्याला तीन ते सात वर्षं. स्टँपपेपरला इथे कवडीची किंमत नाही. आणि पकडले गेलात तर बाळ तुमच्याकडून जातं, दोन वर्षं वाढवलेलं असलं तरी.

सरळ मार्ग म्हणजे केंद्रीय दत्तक प्राधिकरणाच्या, म्हणजे काराच्या, केअरिंग्ज पोर्टलवर नोंदणी. लग्नाला किमान दोन वर्षं झालेली हवीत. दोन वर्षांखालचं मूल हवं तर नवरा-बायकोच्या वयांची बेरीज 85 च्या आत, दोन ते चारसाठी 90, चार ते आठसाठी 100. एकट्या पुरुषाला मुलगी दत्तक मिळत नाही. तान्ह्या बाळासाठी रांग काही वर्षांची आहे, हे खरं. मोठं मूल घ्यायला तयार असाल तर वाट कमी पाहावी लागते. आश्रमात जाऊन आवडलेलं मूल निवडायची पद्धत केव्हाच बंद झाली, आणि ती बंद झाली हे उत्तम झालं.

18 पूर्ण झाली की संस्था बाहेर काढते. मग?

अशांच्या राहण्यासाठी अनुरक्षणगृह आहे, 21 पर्यंत राहता येतं, खास कारण असेल तर 23 पर्यंत. मुलांपेक्षा मुलींना अशा जागा शोधायला जास्त त्रास होतो. बाहेर पडण्याआधी संस्थेकडून सगळे कागद हातात घ्या: आधार, शाळेचे दाखले, बँक पासबुक, समितीचे आदेश आणि अनाथ प्रमाणपत्र. 2018 पासून महाराष्ट्रात अनाथांना शिक्षण आणि नोकरीत एक टक्का आरक्षण आहे, ते या प्रमाणपत्रावर चालतं. नातेवाइकांकडे वाढलेल्या अनाथ मुलांनाही ते मिळतं. यासाठी 17 व्या वर्षीच अर्ज करा. पोलीस भरतीची जाहिरात आल्यावर कार्यालयात रांग लागते.

बाळाचा पहिला वाढदिवस आश्रमात साजरा करायचा आहे.

केक नेऊ नका असं म्हणत नाही. फोटो मात्र काढू नका. संस्थेतल्या मुलाची ओळख उघड करणं कायद्याने गुन्हा आहे, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, आणि स्टेटसला टाकणंही त्यातच आलं. रविवारी तीन-तीन वाढदिवस असतात त्या मुलांच्या वाट्याला. त्यापेक्षा अधीक्षकांना विचारा की दहावीच्या मुलांना गणित-इंग्रजीला कोण आहे.

रस्त्यात, स्टँडवर एकटं मूल दिसलं तर घरी आणावं का?

घरी नको. 1098 लावा किंवा पोलीस ठाण्यात न्या. प्रवासाचा वेळ सोडून 24 तासांत मूल समितीपुढे जायला हवं. समितीची बैठक नसेल तर एका सदस्यासमोरही नेता येतं. चांगल्या मनाने आठवडाभर घरी ठेवलेलं मूलही पुढे तुमच्यावरच शेकू शकतं.

1098 ला फोन केला तर माझं नाव कळेल का?

नाव सांगायची सक्ती नाही. फोन फुकट आहे, रात्रीही लागतो. 1996 मध्ये मुंबईत सुरू झालेली ही सेवा आता सरकारी यंत्रणेतून चालते आणि 112 ला जोडलेली आहे. ठिकाण नीट सांगा: गाव, वस्ती, जवळची खूण. "अमक्या शाळेच्या मागे" एवढ्यावर गाडी फिरत राहते.